आधी रेघ, मग राजा

ग्वाटेमालाच्या वायव्य टोकाला, उसुमासिंता नदीच्या काठी, पिएद्रास नेग्रास हे माया लोकांचे उजाड नगर आहे. तिथल्या तिसऱ्या क्रमांकाच्या शिलास्तंभावर (अभ्यासक अशा उभ्या कोरीव दगडाला स्टेला म्हणतात) पायघोळ झगा घातलेली एक व्यक्ती आसनावर बसलेली दिसते आणि तिला लागून एक लहान मूल. त्याच दगडावर चित्राक्षरांचा मजकूर आहे आणि त्यात तारखा आहेत. १९०१ मध्ये चार्ल्स बाउडिच या बोस्टनच्या अभ्यासकाने त्या तारखांमधली अंतरे मोजली. पहिल्या तारखेपासून दुसरी १२ वर्षे १४० दिवसांवर, तिसरी ३३ वर्षे २६५ दिवसांवर, चौथी ३७ वर्षे ६० दिवसांवर. बाउडिच यांचा तर्क असा, की पहिली तारीख जन्माची समजावी, दुसरी दीक्षेची, तिसरी सरदारकी मिळाल्याची आणि चौथी मृत्यूची. अंदाज सुरेख होता, पण तो तसाच पडून राहिला. पुढे जवळजवळ साठ वर्षे कोणी त्याला हात लावला नाही. आज ती लिपी वाचता येते. पहिली तारीख खरोखरच जन्माची आहे, दुसरी लग्नाची, तिसरी मुलीच्या जन्माची. चौथीचा मृत्यूशी संबंध नाही. नवऱ्याच्या राज्यारोहणाला माया गणनेची २५ वर्षे पूर्ण झाल्याचा तो दिवस आहे. बाउडिच यांचा सरदार ही एक राणी होती, ६७४ मध्ये जन्मलेली, आणि तिच्याजवळचे मूल म्हणजे तिची तीन वर्षांची मुलगी. आकडे बाउडिच यांच्यासमोर होते आणि झगाही समोरच होता. त्यांनी आकडे मोजले, झगा पाहिला नाही.

झगा पाहिला तो तात्याना प्रोस्कुरियाकॉफ यांनी. १९०९ ते १९८५ हा त्यांचा काळ. त्यांच्या कारकिर्दीची कहाणी बहुधा अशी सांगतात: आयुष्यभर दुसऱ्यांसाठी चित्रे काढत राहिलेल्या बाईंना वयाच्या पन्नाशीत एकाएकी साक्षात्कार झाला, आणि माया राजांचा इतिहास उघडा पडला. कहाणी ऐकायला गोड आहे, पण तिच्यात चित्रांची वर्षे म्हणजे नुसती उमेदवारी ठरते आणि पिएद्रास नेग्रासच्या तारखांवरचा १९६० चा निबंध हेच काय ते खरे काम ठरते. माझे म्हणणे उलट आहे. उत्खननाच्या तळावर नकाशानवीसाचे काम सगळ्यांत दुय्यम समजले जाते. टेप धरणे, कोन मोजणे, पडक्या भिंतीची रेघ कागदावर उतरवणे हे हाताचे काम, डोक्याचे काम तंबूत बसलेले विद्वान करतात, असा समज तेव्हाही होता आणि आजही पुरता गेलेला नाही. माया इतिहासाचे दार ज्या युक्तिवादाने उघडले तो मात्र या दुय्यम कामातूनच निघाला, आणि ज्यांना ते काम करावे लागले नाही त्या विद्वानांच्या हातून तो निसटला.

जन्म सायबेरियातल्या तोम्स्कचा. वडील रसायनशास्त्रज्ञ, आई डॉक्टर. पहिल्या महायुद्धात रशियासाठी अमेरिकेत दारूगोळा तयार होत होता. त्याच्या तपासणीसाठी झारच्या सरकारने वडिलांना तिकडे पाठवले, मागोमाग कुटुंब गेले, आणि १९१७ ची क्रांती झाल्यावर परतीची वाट उरली नाही. १९३० मध्ये पेनसिल्व्हेनियात तात्याना यांनी वास्तुकलेची पदवी घेतली. याहून वाईट मुहूर्त सापडला नसता. महामंदी नुकतीच सुरू झाली होती, कोणी घर बांधत नव्हते, आणि कोणी घर बांधत नसेल तर वास्तुविशारदाला कोण विचारणार? फिलाडेल्फियातल्या एका दुकानासाठी त्या भरतकामाचे नमुने काढून देऊ लागल्या. हा तपशील चरित्रांत ओझरता येतो. मला तो महत्त्वाचा वाटतो. जाळीवरचे भरतकाम म्हणजे चौकटी मोजून रंग भरण्याचे काम. एक चौकट चुकली की फूल वाकडे. कोणता आकार कितव्या घरात पुन्हा येतो, कुठे अपेक्षित असून येत नाही, हे त्यात डोळ्यालाच कळावे लागते. पुढे तारखांच्या बाबतीत त्यांनी जे केले ते याच जातीचे होते.

तिथून त्या पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या संग्रहालयात रेखाटनाच्या कामाला लागल्या आणि लिंटन सॅटर्थवेट यांच्या नजरेस पडल्या. सॅटर्थवेट पिएद्रास नेग्रासचे उत्खनन चालवत होते आणि त्यांना मोजणी करून चित्र काढणारा माणूस हवा होता. १९३६ मध्ये त्या पहिल्यांदा तिथे गेल्या. त्या नगराच्या टेकडीवरच्या राजवाड्यांचे जे जलरंगचित्र त्यांनी केले ते पाहून कार्नेगी संस्थेचे सिल्व्हेनस मोर्ली इतके खूश झाले की अशीच चित्रे इतर माया नगरांचीही हवीत म्हणून त्यांनी पैसे उभे केले आणि तात्याना यांना कोपान व युकातानला धाडले. त्या भटकंतीतून १९४६ मध्ये माया वास्तुकलेचा प्रसिद्ध अल्बम निघाला. सर्वसामान्य वाचकाच्या डोळ्यासमोर 'माया नगर' म्हटल्यावर जे चित्र उभे राहते, जंगलातून वर आलेले चुनेगच्ची मनोरे, उंच पायऱ्या, मोकळी प्रांगणे, ते बरेचसे या अल्बमातून आले आहे.

इथे पहिला आक्षेप उभा राहतो, आणि तो पोकळ नाही. पुनर्रचनाचित्र हे पुरावा कसे? छत कोसळले आहे, वरचा मजला नाही, रंग उडाला आहे. चित्रकार जे काढतो ते त्याच्या मनातले. तात्याना यांच्या चित्रांतली नगरे शंका यावी इतकी स्वच्छ आहेत हे मान्य करावे लागेल. माया इमारतींवरचा लाल रंग त्यांत दिसत नाही, बाजाराची गर्दी नाही, चुलींचा धूर नाही. पण त्या अल्बमची मांडणी पाहिली की आक्षेपाची धार कमी होते. पूर्ण इमारतीच्या चित्राबरोबर त्यांनी एक लहानसे रेखाचित्र दिले आहे. त्यात प्रत्यक्षात जागेवर काय उरले होते तेवढेच दाखवले आहे. कोणती रेघ दगडाची आणि कोणती तर्काची, हे वाचक स्वतः पडताळून पाहू शकतो. लेखात 'बहुधा', 'असावे', 'वाटते' असे शब्द पेरून गुळमुळीत राहता येते. चित्रात ती सोय नाही. जिना आहे की नाही याचा निर्णय पेन्सिल टेकवण्याआधी घ्यावा लागतो, आणि आहे असे ठरवले तर त्याच्या पायऱ्या किती, चढ केवढा, वरची भिंत त्याचे वजन कशी पेलते, हे सगळे हिशेबात बसवावे लागते. छायाचित्रकार कोपरा अंधारात ठेवू शकतो. आरेखकाला कागदाच्या प्रत्येक इंचाबद्दल उत्तर द्यावे लागते. ज्यांना कल्पनाविलास म्हटले गेले ती चित्रे अशी पडताळून घेता येणारी विधाने होती.

त्यांचा १९५० चा ग्रंथ अभिजात काळातल्या माया शिल्पांवर होता, आणि तो वाचायला अतिशय रुक्ष आहे. त्यात सौंदर्यचर्चा जवळपास नाही. शेकडो शिल्पांतल्या बारीकसारीक गोष्टी सुट्या करून मोजल्या आहेत: शिरोभूषणाची ठेवण, कानातल्या चकत्या, पट्ट्याची गाठ, पायातल्या वहाणांचा बंद, उभे राहण्याची ढब. ज्या दगडांवर तारीख स्पष्ट आहे त्यांवरून कोणती लकब कधी आली, कधी बहरली आणि कधी मागे पडली याचे आलेख काढायचे, आणि मग तारीख झिजलेल्या दगडावरच्या लकबी त्या आलेखांवर ठेवून त्याचा काळ ठरवायचा. ही पद्धत सदैव अचूक ठरते असे नाही. एखादा पाथरवट जुन्या वळणाचा असू शकतो, एखादे नगर फॅशनमध्ये मागे असू शकते. पण ग्रंथाच्या निष्कर्षांपेक्षा त्याने हाताला काय सवय लावली ते मला मोठे वाटते. माया शिल्पांवरचे कपडे आणि दागिने इतक्या संख्येने, इतक्या जवळून, स्वतः रेखाटून पाहिलेला दुसरा माणूस त्या वेळी हयात होता का, याची शंका वाटते. आणि हे सारे चालले होते ते अशा काळात, जेव्हा त्या शिल्पांवरची माणसे ही माणसेच नव्हेत असे त्या क्षेत्रातले थोर लोक सांगत होते.

ते असे का सांगत होते, हे समजून घ्यायला माया कालगणनेकडे वळावे लागते. आपल्याकडच्या ज्योतिषगणितात अहर्गण असतो, म्हणजे एका ठरावीक आरंभदिवसापासून मोजलेली दिवसांची संख्या. मायांची दीर्घगणना नेमकी तशीच आहे. २० दिवसांचा एक विनाल, १८ विनालांचा म्हणजे ३६० दिवसांचा एक तुन, २० तुनांचा कातुन, २० कातुनांचा बाक्तुन. पिएद्रास नेग्रासच्या २५ क्रमांकाच्या स्तंभावर ९ बाक्तुन, ८ कातुन, १५ तुन अशी गणना येते. गुणाकार केला की आरंभदिवसापासून १३,५९,००० दिवस होतात. आरंभ इसवी सनपूर्व ३११४ मधला धरला तर आपण येतो इसवी सन ६०८ मध्ये. हे गणित एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ड्रेस्डेनचे ग्रंथपाल अर्न्स्ट फोर्स्टेमान यांनी तिथल्या माया पोथीवरून सोडवले आणि ते इतके चोख निघाले की त्यानेच पुढच्या दोन-तीन पिढ्यांचा घात केला. मजकुरातला जो भाग वाचता आला तो सगळा काळाविषयी होता. मग जो वाचता येत नव्हता तोही काळाविषयीच असणार, असे गृहीत धरले गेले. एरिक थॉम्पसन यांनी १९५० च्या आपल्या महाग्रंथात स्मारकांवर ऐतिहासिक घटना नोंदलेल्या नाहीत अशी भूमिका घेतली. दगडांवर काळाची उपासना होती, झगा घातलेले ते पुरोहित होते, नगरे ही वस्तीची नसून सणावाराला जमण्याची स्थाने होती. जॉन लॉइड स्टीव्हन्स यांनी १८४१ मध्येच कोपानच्या दगडांवर तिथल्या लोकांचा इतिहास कोरलेला असावा असे लिहिले होते. शंभर वर्षांनी, कितीतरी जास्त माहिती हाताशी असलेल्या विद्वानांनी, तो साधा विचार अडाणी म्हणून बाजूला सारला. थॉम्पसन यांना दोष देणे सोपे आहे. त्यांच्याइतका माया कॅलेंडरात मुरलेला माणूस दुसरा नव्हता, आणि त्यांची चूक त्या मुरण्यातूनच झाली. १९४६ मध्ये बोनाम्पाक या माया नगरातली भित्तिचित्रे सापडली, त्यांत लढाई होती, कैद्यांच्या बोटांतून रक्त ठिबकत होते. तरी शांतताप्रिय पुरोहितशाहीची कल्पना जाता जाईना.

आता १९६० चा निबंध. त्यात लिपी वाचलेली नाही, एकाही चिन्हाचा उच्चार दिलेला नाही. आहे ती फक्त तारखांची रचना. पिएद्रास नेग्रासला शिलास्तंभ इतस्ततः उभे नव्हते. एकेका देवळासमोर त्यांचा एकेक गट होता, आणि गटातले स्तंभ ठरावीक काळाने भरत गेलेले होते. मोजणीदाराला हे दिसते, कारण दगडाची जागा नोंदवणे हेच त्याचे काम. संग्रहालयात छायाचित्रावरून चिन्हे उतरवणाऱ्याला ते दिसायचे कारण नाही. तात्याना यांच्या लक्षात आले की गटाची सुरुवात बहुधा एकाच प्रकारच्या चित्राने होते. वर एक कोनाडा, त्यात एक तरुण माणूस बसलेला, कोनाड्याकडे जाणारी शिडी, शिडीवरून सोडलेल्या वस्त्रावर वर चढत गेलेल्या पावलांचे ठसे. ११ क्रमांकाच्या स्तंभावर शिडीच्या पायथ्याशी बळी दिलेला माणूस पडलेला आहे. हे चित्र पाहून त्यांनाही आधी वाटले होते की विषय नरबळीचा आहे, आणि मजकुरात बळीचे चिन्ह सापडते का ते शोधायला त्या बसल्या होत्या. हाती आले ते भलतेच.

कोनाड्याच्या चित्राच्या आसपासची एक तारीख ठरावीक चिन्हाबरोबर येत होती. गाल बांधलेल्या पक्ष्याचे ते डोके. दात दुखणाऱ्या माणसाने फडके बांधावे तसे दिसते म्हणून अभ्यासक त्याला 'दातदुखीचे चिन्ह' म्हणत. त्याच गटात याहून जुनी एक तारीख असे, आणि तिच्याबरोबर तोंड आभाळाकडे केलेल्या बेडकाचे चिन्ह. दोहोंतले अंतर गटागणिक वेगळे: कुठे १२ वर्षे, कुठे २२, कुठे ३१. दातदुखीच्या तारखेची वर्धापने पुढच्या स्तंभांवर नोंदलेली सापडत, पण त्याच गटाच्या स्तंभांवर. गट संपला की ती तारीख कायमची गप्प होई. पुढच्या देवळासमोर नवा कोनाडा, नवी तारीख, नवी वर्धापने. पूर्ण मोजता येणाऱ्या तीन गटांत बेडकाच्या तारखेपासून शेवटापर्यंतचा काळ भरला ६०, ६४ आणि ५६ वर्षे.

युक्तिवाद इथे आहे, आणि तो उलगडून पाहण्यासारखा आहे. या तारखा ग्रहणाच्या किंवा शुक्राच्या उदयास्ताच्या असत्या, तर ग्रहगोल कोणत्या देवळासमोर स्तंभ उभा आहे ते पाहून चालत नाहीत. आकाशातली पवित्र घटना एका पिढीने पन्नास वर्षे आळवावी आणि पुढच्या पिढीने तिचे नावही घेऊ नये, याला कारण सापडत नाही. त्या देवळाच्या वास्तुशांतीच्या असत्या, तर देवळे उभीच होती, वर्धापने थांबायला नको होती. कुठल्या धार्मिक आवर्तनाच्या असत्या, तर अंतरे सारखी यायला हवी होती, कारण आवर्तन म्हटले की त्याला ठरलेला आकडा असतो. इथे ती ओबडधोबड होती. कधी बारा वर्षे, कधी एकतीस. माया गणनेत एवढी शिस्त आणि या अंतरांत एवढी बेशिस्त, हे कोडे सुटते ते एकाच गृहीताने: बेडूक म्हणजे जन्म, दातदुखी म्हणजे गादीवर बसणे. माणूस कधी जन्मावा आणि बाप कधी मरावा हे पंचांगाच्या हातात नसते. एकामागून एक सात राजे आणि दोनशे वर्षांची वंशावळ त्यांनी उभी केली, एकही शब्द न वाचता. थॉम्पसन यांनी पुढे आपली चूक झाली हे छापून मान्य केले, ही त्यांच्या मोठेपणाची गोष्ट.

मग झग्याचा उलगडा आपोआप झाला. जन्माच्या काही तारखांबरोबर येणाऱ्या नावांआधी एका चेहऱ्याचे चिन्ह होते, केसांच्या बटेने ओळखू येणारे, आणि ते चिन्ह नेमके झगेवाल्या आकृतींसोबत येत होते. पुरोहित म्हणून गणल्या गेलेल्या या आकृती स्त्रियांच्या होत्या. १९६१ मध्ये माया कलेतल्या स्त्रीप्रतिमांवर त्यांनी निबंध लिहिला. कपड्यांची हजारो रेखाटने केलेल्या व्यक्तीलाच हे दिसावे यात नवल नाही. थोडे नवल आहे ते याचे, की इतक्या पुरुषांनी इतकी वर्षे त्या बाईंकडे पाहून त्यांना भटजी समजावे.

आता मोठा आक्षेप श्रेयाचा. १९५८ मध्ये मेक्सिकोत हाइनरिख बर्लिन यांनी दाखवले होते की नगरागणिक बदलणारी एक विशिष्ट चिन्हरचना आहे, म्हणजे ती नगराची किंवा घराण्याची खूण असावी. पुढच्या वर्षी पालेंके या नगरातल्या दगडी शवपेटीवरची व्यक्तिनामे त्यांनी ओळखली. लेनिनग्राडचे युरी क्नोरोझोव्ह यांनी तर १९५२ मध्येच माया चिन्हांना उच्चारी मूल्य आहे असे मांडले होते, आणि लिपी शेवटी वाचली गेली ती त्यांच्या मार्गाने. बाउडिच आपण पाहिलेच. तेव्हा तात्याना यांच्या आरेखनाला एवढे महत्त्व का द्यायचे? बर्लिन यांच्याबद्दल म्हणावे लागेल की त्यांचे पाऊल तितकेच मोलाचे होते आणि तेही जागा व चिन्ह यांचा मेळ घालण्यातूनच पडले. ते माझ्या मुद्द्याला बळच देते. बाउडिच यांनी एका दगडावरून अंदाज बांधला, आणि एका दगडावर चार अंतरे कशीही लावता येतात. चूक दाखवून देईल असा दुसरा दगड त्यांनी शेजारी आणून ठेवला नाही. तात्याना यांचा निष्कर्ष टिकला तो शेजारच्या गटांनी तो तपासून घेतला म्हणून. क्नोरोझोव्ह यांचे प्रकरण मात्र वेगळे आहे.

रशियन ही तात्याना यांची मातृभाषा. क्नोरोझोव्ह यांचे लेखन अमेरिकेतल्या बहुतेक माया अभ्यासकांना कोणीतरी भाषांतर करून दिल्याशिवाय कळत नव्हते. तात्याना यांना ते सरळ वाचता येत होते, आणि १९६७ मध्ये त्यांच्या ग्रंथातली निवडक प्रकरणे इंग्रजीत आली तेव्हा संपादनात यांचाही हात होता. तरीही उच्चारी वाचनाबद्दल त्या शेवटपर्यंत साशंक राहिल्या. डोळ्याच्या शिस्तीची मर्यादा इथे उघड होते. आकाराची पुनरावृत्ती दिसते, आवाज ऐकू येत नाही. याशचिलान या माया नगराच्या राजांना त्यांनी चिन्हांच्या रूपावरून ढाल-जॅग्वार, पक्षी-जॅग्वार अशी नावे दिली. पिएद्रास नेग्रासच्या राजांना तर नावेही नव्हती, पहिला, दुसरा, तिसरा एवढेच. त्या 'तिसऱ्या'चे नाव किनिच योनाल आक असे आज वाचले जाते आणि 'आक' म्हणजे कासव हेही कळते. ते त्यांना कळले नसते, त्यांच्या पद्धतीने कधीच नाही. कोणी, केव्हा, कोणानंतर, एवढे रेघ सांगू शकते. तो काय म्हणाला हे सांगायला भाषाच लागते. पण क्रम विसरू नये. दगडांवर माणसे आहेत हे आधी सिद्ध व्हावे लागले. पुरोहितांच्या काळोपासनेत 'कासव' हे व्यक्तिनाम शोधायला कोण गेले असते?

आणखी एक कुरकुर अधूनमधून ऐकू येते: राजांची जंत्री म्हणजे इतिहास नव्हे, शिलास्तंभ हे सत्तेचे आत्मगौरव आहेत, शेतात मका पेरणाऱ्याचे काय? बरोबर आहे, आणि तात्याना यांनी याहून जास्त दावा कधी केला नाही. १९५० च्या दशकात कार्नेगी संस्थेने मायापान या तटबंद नगराचा जो अभ्यास केला, ज्यात तटाच्या आत चार हजारांहून अधिक बांधकामे नकाशावर आली आणि त्यांतली बहुतेक साधी घरे होती, त्यातही त्या होत्या. पण खेडूताचा इतिहास लिहायलाही कालरेषा लागते. कोणत्या दशकात कोणते नगर कोणाशी लढत होते हे कळल्याशिवाय त्या दशकातले उकिरडे आणि चुली बोलत नाहीत. राजांच्या तारखा हा सांगाडा आहे. त्यालाच शरीर समजण्याची चूक इतरांनी केली.

१९५८ मध्ये कार्नेगीने आपला पुरातत्त्व विभाग गुंडाळला आणि त्या हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात राहिल्या. सन्मान आले: १९६२ चे किडर पदक, १९८४ मध्ये ग्वाटेमालाचा केत्साल सन्मान. माया इतिहासावरचा ग्रंथ मृत्यूनंतर, १९९३ मध्ये निघाला. त्यात तिकालला चौथ्या शतकात परके लोक आल्याचे प्रकरण आहे, आणि पुढे शिलालेख वाचता आल्यावर ३७८ मधले ते आगमन खरे ठरले. मधली बरीच वर्षे त्यांनी पीबॉडीच्या तळघरात चिचेन इत्साच्या पवित्र विहिरीतून निघालेले हिरवे जेड दगड जुळवण्यात घालवली. विहिरीत टाकण्याआधी कित्येक जेड वस्तू फोडलेल्या होत्या. त्यांचे तुकडे निवडून, सांधून, रेखाटून त्यांनी १९७४ मध्ये सूची प्रसिद्ध केली. एवढ्या बुद्धीच्या बाईंनी तुकडे जुळवत बसावे, म्हणून हळहळणारे लोक आहेत.

अशांनी तात्याना यांचा १९४४ चा एक छोटा टिपणवजा लेख पाहावा. राजांचा पत्ता लागायला तेव्हा अजून सोळा वर्षे होती. त्याच विहिरीतल्या जेडच्या एका कोरीव मस्तकावर चिन्हे कोरलेली होती. ती पाहून तात्याना यांनी म्हटले की ही वस्तू चिचेनची नाही, ती बहुधा साडेचारशे किलोमीटरहून दूर, पिएद्रास नेग्रासला घडली असावी. तिथल्या दगडांवर जे वळण हातून उतरवले होते तेच या इवल्या जेडवर आले होते. त्यावरची एक तारीख ७०६ मधली निघते. ६८७ मध्ये गादीवर बसलेल्या त्या 'तिसऱ्या' राजाला तेव्हा नेमके वीस तुन पुरे होत होते. झगेवाल्या राणीचा तो नवरा.